हजरमौतचे आरब आणि त्यांच्या लेकरांची भाषा

शाळेच्या प्रवेश-अर्जावर 'मातृभाषा' असा एक रकाना असतो. तो भरताना सहसा कोणी अडत नाही. परंतु मराठवाड्यातील एका शाळेत प्रस्तुत लेखक शिक्षक असताना एका जूनमध्ये एक वृद्ध गृहस्थ आपल्या नातवाला घेऊन आले आणि या रकान्यापाशी थांबले. आडनाव चाऊस. मुलगा बाहेर इतर पोरांशी मराठीत भांडत होता, आजोबांशी दखनी उर्दूत बोलत होता. मी लेखणी उचलून 'उर्दू' लिहिणार तोच आजोबा म्हणाले, "मास्तर, अरबी लिहा. आम्ही आरब माणसं." मी विचारले, "घरी अरबी बोलता का?" ते क्षणभर गप्प राहिले आणि म्हणाले, "माझ्या आजाला येत होती."

त्या दिवशी त्या रकान्यात काय लिहिले गेले ते पुढे येईलच. पण त्या उत्तराने मला पुष्कळ वर्षे वाचावयास लावले. ज्या भाषेतील एक वाक्यही घरात उरले नाही, ती भाषा आपली म्हणण्याचा हक्क माणसाला असतो काय? आणि नसेल, तर त्या वृद्धाच्या म्हणण्यात जो अभिमान होता तो कशाचा? हा प्रश्न एकट्या चाऊस मंडळींचा नाही. ज्या मुलखातून हे लोक आले त्या मुलखाची माणसे मलबारपासून जाव्यापर्यंत आणि पूर्व आफ्रिकेच्या किनाऱ्यापर्यंत पसरली आणि जेथे जेथे गेली तेथे तेथे हा प्रश्न उभा राहिला.

तो मुलूख म्हणजे अरबस्तानच्या दक्षिणेकडील हजरमौत, आजच्या येमेन देशाचा पूर्व भाग. नाव वाचताच मराठी वाचकाला 'हजर' आणि 'मौत' असे दोन ओळखीचे शब्द दिसतात. जुन्या अरबांनीही या नावाची फोड 'मृत्यू हजर झाला' अशीच केली होती. भाषापंडितांना ती मान्य नाही, पण कोरडी दरी, थोडे पाणी, वारंवार दुष्काळ आणि टोळ्यांची न संपणारी भांडणे पाहता ती फोड रचणाऱ्याला अगदीच दोष देता येत नाही. (मूळ अरबी उच्चारात तो 'ज' नाही. 'ज़ाद' या अक्षराचा उच्चार एक प्रकारच्या जड 'द'सारखा आहे. फारसीच्या वाटेने आलेल्या बहुतेक अरबी शब्दांत आपण त्याचा 'ज' करतो. वर्गात हजेरीला 'हजर' म्हणणारा मुलगा अरबीच बोलत असतो, फक्त इराणी तोंडाने.) तरीम, सैऊन, शिबाम ही त्या दरीतील गावे आणि मुकल्ला व शिहर ही समुद्रावरील बंदरे. शिबामची मातीच्या विटांची सहा-सहा सात-सात मजल्यांची घरे आज जगभर छायाचित्रांतून माहीत झाली आहेत. परगावी गेलेल्यांच्या कमाईवर ही दरी शतकानुशतके जगत आली.

येथे एक गोष्ट प्रथमच नमूद केली पाहिजे, कारण पुढील सर्व इतिहास तिच्यावर आधारलेला आहे. हजरमौतचे पुरुष परदेशी जात, बायका जात नसत. गेलेला माणूस दहा-वीस वर्षे परमुलखी राही, तेथल्याच मुसलमान घराण्यात लग्न करी, मुले होत. वंश बापाचा आणि बोली आईची. मलायात आई मलायी, जाव्यात जावी, दक्षिणेत दखनी. मातृभाषा या शब्दाचा अर्थ या लोकांइतका अक्षरशः कोणी भोगला नसेल. बापाजवळ नाव होते, वंशावळ होती, नमाज शिकविण्याची जबाबदारी होती. पण मूल ज्या मांडीवर बोलायला शिकते ती मांडी त्याची नव्हती. परदेशी जन्मलेल्या अशा मुलांना हजरमी लोक 'मुवल्लद' म्हणत आणि मायदेशी जन्मून आलेल्याला 'विलायती'. हिंदुस्थानात विलायत म्हटले की इंग्लंड डोळ्यांपुढे येते. हजरम्यांची विलायत हजरमौत होती.

आपल्या किनाऱ्याला ही गोष्ट नवी नव्हती. प्रसिद्ध इतिहासकार व प्रवासी अल्-मसऊदी हिजरी ३०४ मध्ये, म्हणजे इ. स. ९१६-१७ च्या सुमारास, सैमूर येथे होता. सैमूर म्हणजे आपले चौल. तेथे त्या वेळी सुमारे दहा हजार मुसलमान राहत असल्याचे तो लिहितो. त्यांत सिराफ, उमान, बसरा, बगदाद येथून आलेले लोक होते आणि शिवाय 'बयासिरा' होते. हिंदुस्थानात जन्मलेल्या मुसलमानांना हे नाव असल्याचे तोच सांगतो. म्हणजे हजार वर्षांपूर्वी चौलच्या बाजारात आलेले आणि येथेच जन्मलेले असे दोन वर्ग पडले होते आणि दुसऱ्यांना वेगळे नावही मिळाले होते! त्यांच्यातील तंटे तोडण्यासाठी त्यांचाच एक प्रमुख नेमलेला असे. त्याच सुमारास उत्तरेला संजाण प्रांताचा कारभार राष्ट्रकूट राजांनी एका आरबाकडे सोपविला होता. चिंचणी येथे सापडलेल्या शके ८४८ च्या ताम्रपटात त्याचा 'ताजिक' असा उल्लेख असून त्याचे नाव 'मधुमती' असे दिले आहे. हे 'मुहम्मद' या नावाचे संस्कृत रूप असल्याचे विद्वान मानतात. नदीवर नावा ठेवणे, अन्नछत्र घालणे ही त्याची पुण्यकृत्ये त्या पटात नोंदलेली आहेत.

या लोकांची मुले-नातवंडे पुढे काय बोलू लागली याला ताम्रपट नाही, पण उत्तर आपल्या कानांवर रोज पडते. कोकणी मुसलमान कोकणी बोलतो. भटकळचे नवायत नवायती बोलतात. ती कोकणीच्याच कुळातली असून तिच्यात अरबी-फारसी शब्दांची भर आहे. अरबी बोली गेली. मजहब मात्र शाफई राहिला. उत्तर हिंदुस्थानातील मुसलमान बहुतांशी हनफी असताना कोकण, भटकळ, मलबार आणि थेट जावा-सुमात्रा ही किनारपट्टी शाफई असावी, हा आरबांच्या जलमार्गाचा सर्वांत टिकाऊ ठसा होय. आणि बोली गेली म्हणून विद्या गेली असेही झाले नाही. माहीमचे हजरत मखदूम अली (इ. स. १३७२ ते १४३१) हे याच नवायत घराण्यातील. त्यांनी कुरआन शरीफवर 'तब्सीरुर्रहमान' नावाची तफसीर लिहिली, ती अरबीत. माहीमच्या खाडीकाठी बसून लिहिलेला हा ग्रंथ पुढे कैरोत छापला गेला. बाजारात एक भाषा आणि लेखणीला दुसरी, यात त्या काळी कोणाला विसंगती वाटत नसे.

पण चाऊस मंडळी कोकणच्या बंदरातून व्यापारी म्हणून आलेली नाहीत. ती तलवार घेऊन आली. अठराव्या शतकाच्या उत्तरार्धात मराठी राज्यांच्या फौजांत आरबांच्या तुकड्या दिसू लागतात. बडोद्यास गायकवाडांकडे, नागपुरास भोसल्यांकडे, पुण्यास पेशव्यांकडे. किल्ला लढविण्यात आरबाचा हात कोणी धरीत नसे आणि त्यामुळे त्याचा पगारही इतर शिपायांहून जास्त असे. 'चाऊस' हा शब्दही फौजेतलाच, तुर्कांच्या लष्करातील एका हुद्द्याचा. १८१७ च्या डिसेंबरात नागपूर पडल्यावरही शहर सोडावयास तयार नव्हते ते हे आरबच. कोरेगावच्या लढाईत पेशव्यांच्या बाजूने तेच पुढे होते.

त्यातील मालेगावचा प्रसंग येथे थोडा विस्ताराने सांगितला पाहिजे, कारण तो भाषेशी संबंधित आहे. १८१८ च्या मे महिन्यात इंग्रजांनी नारोशंकरांच्या मालेगावच्या भुईकोट किल्ल्याला वेढा घातला. आत आरब होते. पेशवाई बुडाली होती, पगार देणारा कोणी उरला नव्हता, तरी ही मंडळी सुमारे महिनाभर लढली व इंग्रजांची शेकडो माणसे त्यात जायबंदी झाली. शेवटी दारूकोठार उडाले आणि बोलणी सुरू झाली. आरबांनी अभयाचा कागद लेखी मागितला. तो मराठीत लिहिला गेला. इंग्रज सेनापतीच्या मनात त्यांनी बिनशर्त शरण यावे एवढेच होते. परंतु मुनशीच्या हातून कागदात अशा अर्थाचे शब्द पडले की, आरबांच्या हिताचे जे असेल ते केले जाईल. किल्ला हाती आल्यावर या वाक्याचा अर्थ काय, असा वाद पडला. सेनापती म्हणे, आपल्या मनात तसे नव्हते. एल्फिन्स्टनने मात्र कागदावर जे आहे तेच खरे धरून आरबांना त्याचा पुरा लाभ दिला. अरबी बोलणारे शिपाई, इंग्रजी बोलणारा सेनापती, आणि दोघांच्या मध्ये मराठी कागद. आरबांना या मुलखात आपले हित कोणत्या भाषेत सांभाळले जाते ते कळले असेल तर ते त्या दिवशी.

मराठी राज्ये गेली तेव्हा आरबांना आश्रय उरला तो निजामाच्या राज्यात. तेथे त्यांची भरभराट झाली. आरब जमादार सावकारी करीत, वसुलीसाठी जहागिरी गहाण घेत, त्यांच्या देवडीवर त्यांचाच कायदा चाले. सालारजंगाने (दिवाणगिरी १८५३ ते १८८३) त्यांना बऱ्याच अंशी आवर घातला. यांतील उमर बिन अवज अल्-कुऐती या जमादाराच्या घराण्याने तर हैदराबादच्या पैशावर हजरमौतमध्ये राज्य उभे केले. १८६७ त शिहर, १८८१ त मुकल्ला त्यांच्या हाती आले, १८८८ त इंग्रजांशी संरक्षणाचा तह झाला आणि १९६७ पर्यंत ही सल्तनत टिकली. त्यांचे प्रतिस्पर्धी कसीरी, त्यांचाही पुढारी हैदराबादेत जमादारच होता. दक्षिणेतल्या देवड्यांतील भांडण हजरमौतच्या दरीत लढले जात होते! कुऐती सुलतान पुष्कळदा हैदराबादेतच राहत आणि मुकल्ल्याचा कारभार त्यांच्या वतीने दुसरे पाहत. मुकल्ल्याच्या राजवाड्याच्या बांधणीवर हिंदुस्थानची छाप आहे आणि हजरमी अरबीत हिंदुस्थानी शब्द जाऊन बसले आहेत. भाषेची देवाणघेवाण एकाच दिशेने होत नसते, हे आपण नेहमी विसरतो.

हैदराबाद शहराच्या दक्षिणेस या फौजेची वस्ती होती. इंग्रजी 'बॅरॅक्स'चे तेथे 'बारकस' झाले आणि तेच त्या वस्तीचे नाव पडले. लष्करात एकत्र राहणे, आपसांत लग्ने करणे आणि मायदेशाहून सतत नवी माणसे येत राहणे या तीन गोष्टींमुळे बारकसमध्ये अरबी बोली मराठवाड्याच्या गावांपेक्षा पुष्कळ अधिक टिकली. परभणी, नांदेड, औरंगाबाद, बीडकडे जहागिरीवर व पहाऱ्यावर विखुरलेल्या घरांना यांतले एकही साधन नव्हते. चार घरांनी भाषा टिकत नाही. तिला मोहल्ला लागतो. माझ्याकडे आलेल्या आजोबांच्या आजाला अरबी येत होती आणि वडिलांना येत नव्हती, याचे कारण एवढे साधे आहे.

सप्टेंबर १९४८ च्या पोलीस कारवाईनंतर निजामाची फौज मोडली. आरबांना तर दुहेरी फटका बसला. नोकरी गेली आणि तुम्ही कोणत्या देशाचे, हा सवाल सरकारी कचेरीत प्रथमच विचारला गेला. कित्येकांना स्थानबद्ध करण्यात आले, काहींना हजरमौतला परत पाठविण्याच्या हालचाली झाल्या. आता पाहा, दखनी आईच्या पोटी येथे जन्मलेला, अरबीचे चार शब्दही धड न येणारा तरुण हा विलायती की हिंदी? त्याच्या नावात 'बिन' होते एवढ्यावरून त्याचा देश ठरावयाचा काय? शतकभर ज्या नावाने पगार वाढवून मिळाला, त्याच नावाने एका रात्रीत संशय ओढवून आणला. त्या पिढीतील पुष्कळांनी मुलांना अरबी शिकविण्याचा आग्रह सोडला असेल, तर त्यांना नावे ठेवण्यापूर्वी हे वर्ष आठवावे.

याच प्रश्नाला जाव्यातील हजरम्यांनी अगदी वेगळ्या रीतीने तोंड दिले आणि माझ्या मते या सर्व इतिहासातील सर्वांत बोधप्रद भाग तोच आहे.

डच सरकारने आपल्या वसाहतीतील प्रजेचे तीन वर्ग केले होते: युरोपियन, देशी आणि 'परकी पौर्वात्य'. आरब व चिनी तिसऱ्या वर्गात. त्यांनी ठरवून दिलेल्या मोहल्ल्यातच राहावे, प्रवासाला परवाना घ्यावा असा कायदा होता. ही बंधने विसाव्या शतकाच्या दुसऱ्या दशकापर्यंत सैल झाली नाहीत. १८६९ मध्ये सुएझ कालवा झाला, आगबोटी वाढल्या आणि येणाऱ्यांचा ओघही वाढला. १८८६ साली फान डेन बर्ग या डच अधिकाऱ्याने या वसाहतींवर एक मोठा ग्रंथ फ्रेंचमध्ये लिहिला. त्यात त्याने हेच नोंदविले की या आरबांची मुले आईची भाषा बोलतात. ऐपत असलेला बाप मुलाला दहा-बारा वर्षांचा होताच तरीम-सैऊनला पाठवी, तो तेथे अरबी व दीन शिकून दाढी फुटल्यावर परते. पण ऐपत नसलेल्या घरांचे काय?

म्हणून शाळा निघाल्या. बटाविया, म्हणजे आजचे जकार्ता, येथे 'जमियत खैर' ही संस्था १९०१ च्या सुमारास स्थापन झाली व १९०५ मध्ये तिला सरकारी मान्यता मिळाली. आपल्या मुंबईच्या अंजुमन-ए-इस्लामपेक्षा ही संस्था पाव शतकाने धाकटी, पण हेतू तोच: दीनी शिक्षण आणि नवे शिक्षण एका छपराखाली. अरबी शिकविण्यासाठी त्यांनी १९११ त मक्केहून एक शिक्षक बोलावले. त्यांचे नाव शेख अहमद सुरकती. मूळचे सुदानी, कैरोच्या मुफ्ती मुहम्मद अब्दुह यांच्या सुधारक विचारांनी भारलेले. शाळा झपाट्याने वाढली. आणि मग १९१३ मध्ये सोलो शहरी त्यांना एक मसला विचारण्यात आला. सय्यद घराण्यातील मुलीचा निकाह सय्यद नसलेल्या मुसलमानाशी जायज आहे काय? सुरकतींनी उत्तर दिले, जायज आहे.

या एका उत्तराने जाव्यातील आरब समाज दुभंगला. हजरमौतमध्ये सय्यद (त्यांना 'बा-अलवी' म्हणतात) सर्वांत वरचे. त्यांच्या हाताचे चुंबन घेण्याची चाल होती. जमियत खैरचा कारभार बव्हंशी त्यांच्याच हाती. सुरकती बाहेर पडले आणि त्यांच्या पाठीराख्यांनी १९१४ साली 'अल्-इर्शाद' ही निराळी संस्था काढली. दोन तट, दोन्हीकडच्या शाळा, दोन्हीकडची अरबी वर्तमानपत्रे आणि वीस वर्षे भांडण. मजा अशी की दोन्ही तटांचा अरबीच्या शिक्षणावर सारखाच जोर होता. अलवी म्हणत, अरबी टिकली तर आपले कूळ टिकेल. इर्शादी म्हणत, अरबी आली तर मुसलमान स्वतः कुरआन वाचील आणि कुळाचे स्तोम मोडेल. एकाच भाषेच्या वर्गात शिक्षक उलटसुलट आशा बाळगून शिकवीत होते. जातपात इस्लाममध्ये नाही असे व्यासपीठावरून सांगून लग्नाच्या वेळी खानदान विचारणाऱ्या आपल्या मंडळींनी सोलोच्या या मसल्याचा इतिहास अवश्य वाचावा.

आणि या भांडणात मुवल्लद तरुण काय करीत होते? ते दोन्ही तटांना कंटाळले होते. त्यांची अरबी शाळेतली, विलायती ऐकून हसत. त्यांची मलायी अस्खलित, पण देशी लोक त्यांना परके समजत. सुराबायात १९०८ साली जन्मलेला अब्दुर्रहमान बासवेदान हा असाच एक तरुण. अल्-इर्शादच्या शाळेत काही काळ शिकलेला, पेशाने पत्रकार आणि नोकरी चिनी मालकीच्या मलायी वर्तमानपत्रांत. १ ऑगस्ट १९३४ रोजी समारांगच्या 'मताहारी' पत्रात त्याचा एक लेख आला व लेखासोबत त्याचे छायाचित्र. त्यात त्याने डोक्यावर जावी लोकांचे 'ब्लांगकोन' हे शिरोभूषण घातले होते. लेखाचे सार असे की आपण जेथे जन्मलो तोच आपला देश. आरब घरांत हलकल्लोळ झाला. लेखापेक्षा त्या टोपीने लोक अधिक भडकले असावेत, असा माझा तर्क आहे.

४ ऑक्टोबर १९३४ रोजी समारांगला या तरुणांची परिषद भरली. सहा वर्षांपूर्वी, १९२८ मध्ये, इंडोनेशियातील युवकांनी एक देश, एक राष्ट्र आणि एकतेची एक भाषा अशी शपथ घेतली होती. तिलाच अनुसरून आरब वंशाच्या तरुणांनी शपथ घेतली: आमची मातृभूमी इंडोनेशिया, अलग राहण्याची चाल आम्ही सोडू, देशाविषयीचे आमचे कर्तव्य पार पाडू. सय्यद आणि सय्यद नसलेले दोघेही त्या सभेत बसले. वडिलांच्या पिढीला वीस वर्षांत जे साधले नाही ते मुलांनी दोन-चार दिवसांत केले आणि ते केले मलायीत बोलून.

यावरून या मंडळींनी अरबी टाकली असे कोणी समजू नये. १९४५ मध्ये इंडोनेशियाने स्वातंत्र्य जाहीर केले, पण जगातील राष्ट्रे मान्यता देईनात. १९४७ त हाजी अगुस सालिम यांच्या नेतृत्वाखाली एक शिष्टमंडळ कैरोला गेले. त्यात बासवेदान होते, तेव्हा माहिती खात्याचे उपमंत्री. १० जून १९४७ रोजी इजिप्तने इंडोनेशियाशी मैत्रीचा करार केला. तो कागद मायदेशी पोचविण्याचे काम बासवेदानवर आले. वाटेत डचांची तपासणी. त्यांनी तो पायमोज्यात लपवून आणला. ज्याला बापाच्या पिढीने 'जावी टोपीवाला' म्हणून वाळीत टाकू पाहिले, त्याने अरब देशाची पहिली मान्यता आपल्या देशाला आणून दिली. ते १९८६ साली वारले.

दुसरे उदाहरण याच्या अगदी उलट टोकाचे. अली अहमद बाकसीर, जन्म १९१० चा, तोही सुराबायाचाच. बापाने लहानपणीच सैऊनला धाडला. पुढे तो १९३४ त कैरोला गेला, विद्यापीठात इंग्रजी वाङ्मय शिकला आणि शेक्सपिअरचे 'रोमिओ अँड ज्युलिएट' अरबी पद्यात आणताना जुन्या वृत्तांची चौकट त्याने मोडली. १९४० साली प्रसिद्ध झालेले त्याचे 'अख्नातून व नेफर्तीती' हे नाटक अरबी मुक्तछंदाच्या आरंभींच्या कृतींत गणले जाते. जाव्यात जन्मलेल्या मुलाने अरबांच्या कवितेला नवी वाट दाखवावी, यात मुवल्लदांना हसणाऱ्यांनी काय ते समजावे.

अरबी म्हणजे केवळ मुसलमानांची भाषा, असा समज आपल्याकडे इतका रुजला आहे की येथे अमेरिकेचीही आठवण करून देणे अवश्य वाटते. सीरिया-लेबनॉनमधून न्यूयॉर्कला गेलेल्या आरबांत बहुसंख्य ख्रिस्ती होते. त्यांनी १८९२ पासून तेथे अरबी वर्तमानपत्रे चालविली. १९२० त खलील जिब्रान, मीखाईल नुऐमा आदींनी लेखक-संघ स्थापन केला. पण १९२४ च्या कायद्याने नवी माणसे येणे जवळजवळ बंद झाले, शाळा इंग्रजी, आणि दोन पिढ्यांत वाचकच उरले नाहीत. तेथे आया अरबीच होत्या, तरी भाषा गेली. जाव्यात आया परक्या होत्या, तरी अरबी अक्षर राहिले. कुरआन शरीफचे पठण हेच त्याचे कारण. पण पठण म्हणजे बोलणे नव्हे, आणि आमच्या संस्थांतून या दोहोंची नेहमी गल्लत केली जाते.

मग शेवटी उरते काय? जकार्तात जुन्या शहरवासीयांच्या बोलीत 'मी'ला 'आने' आणि 'तू'ला 'एन्ते' म्हणतात. हे अरबी 'अना' व 'अंत' आहेत. सारी भाषा गेली आणि मी-तू राहिले! इंडोनेशियाच्या लोकसभेचे नाव 'देवान परवकिलान रकयत' असे आहे. त्यात दिवाण, वकील आणि रयत असे तीन शब्द आहेत, ज्यांचा अर्थ आपल्या कोणत्याही खेड्यातील पाटलाला सांगावा लागत नाही. खुर्चीला ते 'कुर्सी' म्हणतात, बातमीला 'काबार', वेळेला 'वक्तु'. शिवछत्रपतींनी रघुनाथ पंडितांकडून राज्यव्यवहारकोश करवून घेतला व दरबारी अरबी-फारसी शब्दांना संस्कृत प्रतिशब्द दिले. तरी तारीख, हुकूम, किल्ला, फौज, कायदा, मालक, फक्त हे शब्द मराठीत राहिलेच. तालुका आणि जिल्हा अरबीच. ज्या कागदावर मातृभाषा लिहावयाची तो दाखलाही अरबीच. हे शब्द चाऊस मंडळींनी आणलेले नाहीत, फारसीच्या वाटेने आले. पण त्यामुळे मराठी बोलणारा आरब वाटतो तितका परक्या भाषेत गेलेला नसतो.

१९७३ नंतर तेलाचा पैसा वाढला आणि वारे उलटे फिरले. रत्नागिरी-रायगडचे कोकणी तरुण, बारकसचे आणि मराठवाड्याचे चाऊस कुवेत, दुबई, जेद्द्याला कामासाठी जाऊ लागले. त्यांतील अनेकांनी मला एकच अनुभव सांगितला. विमानतळावर उतरताच दुकानांच्या पाट्या त्यांना वाचता आल्या, कारण लहानपणी मकतबात अक्षर घोटलेले. पण वाचलेल्याचा अर्थ लागला नाही. महाराष्ट्राच्या शालान्त परीक्षेत अरबी हा विषय घेता येतो, हे त्यांना कोणी सांगितलेच नव्हते. एक जण म्हणाला, "सर, मी पाटी मोठ्यांदा वाचली, तर तिथला दुकानदार हसला आणि अरबीत काहीतरी विचारू लागला. मला 'अल्हम्दुलिल्लाह'शिवाय दुसरे उत्तर सुचले नाही." याचा आजा की पणजा तलवार घेऊन त्याच समुद्रावरून इकडे आला होता.

त्या जूनच्या सकाळी मी आजोबांना म्हणालो की रकान्यात जी भाषा घरी बोलली जाते ती लिहावी लागते. त्यांनी नातवाकडे पाहिले आणि म्हणाले, "मग उर्दू लिहा. आणि तो मराठीत पहिला आला पाहिजे, सांगून ठेवतो." अर्जाखाली पालकाची सही हवी होती. लेखणी घेऊन ते बराच वेळ वाकून बसले. सही अरबी लिपीत होती. स्वतःचे नाव, मग 'बिन', मग वडिलांचे नाव, पुन्हा 'बिन', मग आजाचे. रेघेवर जागा संपली तेव्हा त्यांनी उरलेले समासात लिहिले.